आता तुमची पाळी : मूकपटाच्या अखेरच्या वर्षांतले विनोदी लघुपट



स्मृतिव्याख्यानाचा विषय भारदस्त असावा, असा आपल्याकडे अलिखित दंडक आहे. लोकशाही, शिक्षण, साहित्य, झालंच तर पर्यावरण. मी 'विनोदी लघुपट' असं कळवलं तेव्हा संयोजक 'हरकत नाही' म्हणाले खरे, पण त्यातली 'हरकत' जरा ठसठशीत ऐकू आली. म्हणून आधीच सांगून टाकतो, मी तुम्हाला हसवायला आलेलो नाही. ज्यांनी ते काम चोख केलं, त्यांची कारागिरी उलगडून पाहायला आलो आहे. मध्येच हसू आलं तर श्रेय त्यांचं.

काळ साधारण १९२६ ते १९२९. ठिकाण अमेरिकेतलं लॉस एंजेलिस आणि त्याला खेटून असलेलं कल्व्हर सिटी. बोलपट दाराशी येऊन ठेपला होता. ६ ऑक्टोबर १९२७ रोजी 'द जॅझ सिंगर' न्यूयॉर्कमध्ये झळकला आणि मूकपटाचे दिवस भरले. नेमक्या याच तीन-चार वर्षांत वीस मिनिटांच्या मूक विनोदी चित्रपटाने एक वेगळीच गोष्ट साधली. माझं म्हणणं थोडक्यात असं, की तोवर पडद्यावरचा विनोद धावत होता. या वर्षांत तो थांबायला शिकला. एकाने हाणायचं, दुसऱ्याने मुकाट्याने ते पाहायचं, आणि मग दुसऱ्याची पाळी. ऐकायला साधं वाटतं, पण पडद्यावरच्या विनोदाचं व्याकरण त्याने बदललं.

आधी लघुपट म्हणजे काय, ते पाहू. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मचं एक रीळ सुमारे हजार फुटांचं असे, आणि ते दहा-बारा मिनिटं चाले. विनोदी लघुपट बहुधा दोन रिळांचा, म्हणजे वीस मिनिटांच्या आसपासचा. त्या काळी तिकीट काढून माणूस एकच चित्रपट पाहायला जात नसे. वार्तापट, एखादं कार्टून, दोन रिळांचा विनोदी लघुपट आणि मग मुख्य चित्रपट असा भरगच्च कार्यक्रम असे. ही रीत आपल्यालाही नवी नव्हती. ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला, तेव्हा त्याच्या जोडीला नाच, विनोद आणि कसरतीचे परदेशी तुकडे होतेच. पुढे खुद्द फाळक्यांनी 'पिठाचे पंजे' नावाचा छोटा विनोदी चित्रपट केला आणि तो 'मोहिनी भस्मासुर'च्या जोडीला दाखवला. हरिश्चंद्र आणि भस्मासुर यांच्या शेजारी प्रेक्षकाला चार घटका हसायला लागतं, हे त्यांनी ओळखलं होतं.

अमेरिकेत मात्र १९२६च्या सुमारास लघुपटाची स्थिती विचित्र झाली होती. थोर मंडळी घर सोडून गेली होती. चॅप्लिनचा शेवटचा दोन रिळांचा चित्रपट १९२२चा. बस्टर कीटन १९२३पासून लांबीच्या चित्रपटांकडे वळला. हॅरॉल्ड लॉइड त्याच्याही आधी. पैसा, मान आणि समीक्षकांचं लक्ष लांबीच्या चित्रपटांकडे गेलं. मागे उरले ते दुसऱ्या फळीतले म्हणून हिणवले गेलेले नट, पगारी विनोदलेखक आणि दर आठवड्याला थिएटरांना माल पुरवायची जबाबदारी असलेले दोन-चार स्टुडिओ. कलेच्या इतिहासात असं पुष्कळदा घडतं. वरच्या माळ्यावर मैफल रंगलेली असते आणि खालच्या ओसरीवर, कुणाचं लक्ष नसताना, नवं काहीतरी आकाराला येतं.

हे नवं काय, ते कळण्यासाठी जुनं काय होतं ते आठवायला हवं. १९१२ साली मॅक सेनेटने कीस्टोन कंपनी काढली आणि अमेरिकन विनोदी चित्रपटाला पळायला लावलं. पोलीस पळताहेत, चोर पळताहेत, मोटारी पळताहेत, मागे कुत्राही पळतोय. कॅमेरा हाताने फिरवायचा असे. तो जरा सावकाश फिरवला की पडद्यावर माणसं तुरुतुरु धावत. तीच गती विनोदाचं इंजीन होती. माणूस पडला की पुढचा पडायला तयार. पडलेल्याला काय वाटलं, हे पाहायला कुणालाच सवड नव्हती.

या धावपळीला पहिला अडसर घातला हॅरी लँगडनने. पांढऱ्याफटक, बाळसेदार चेहऱ्याचा हा नट सेनेटच्याच कंपनीत १९२४ साली आला आणि तिथे चक्क थांबू लागला. कुणी त्याच्या अंगावर धावून आलं, तर तो पापण्या मिटमिटवी, विचार करी, हात अर्धा उचले, परत खाली घेई. प्रेक्षक त्याच्या निर्णयाची वाट पाहत हसत. पण लँगडनची मंदगती ही त्याच्या एकट्याच्या स्वभावाची होती. तिचा नियम व्हायला, दोघांत वाटून घेता येईल असा खेळ व्हायला, दुसरा स्टुडिओ लागला.

तो स्टुडिओ हॅल रोचचा. कल्व्हर सिटीत वॉशिंग्टन बुलेव्हार्डवर. तिथली माणसं त्याला 'लॉट ऑफ फन' म्हणत. रोचकडे चार्ली चेस होता, मॅक्स डेव्हिडसन होता, पोरांची 'अवर गँग' होती. पडद्यामागे लिओ मॅकेरी नावाचा तिशीच्या आतला, वकिली सोडून आलेला माणूस विनोदी चित्रपटांवर देखरेख करत होता. कॅमेऱ्यामागे जॉर्ज स्टीव्हन्स होता. पुढे 'अ प्लेस इन द सन' आणि 'जायंट'साठी दिग्दर्शनाचं ऑस्कर मिळवलेला हाच तो स्टीव्हन्स. पडद्यावर दृश्यांमध्ये येणाऱ्या मजकुराच्या पाट्या लिहायला एच. एम. वॉकर. विनोदी पाटी कोरड्या, सरकारी थाटाच्या भाषेत लिहायची त्याची हातोटी अशी, की पाटी वाचतानाच निम्मा हशा वसूल व्हायचा.

याच कंपनीत दोन नट वेगवेगळ्या खुंट्यांवर टांगलेले होते. स्टॅन लॉरेल इंग्लंडमधल्या अल्व्हरस्टनचा, जन्म १८९०. फ्रेड कार्नोच्या नाटकमंडळीतून, चॅप्लिनच्याच ताफ्यात, १९१० साली अमेरिकेत आलेला. ऑलिव्हर हार्डी अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यातल्या हार्लेम गावचा, जन्म १८९२. लॉरेलला रोचकडे लिहिण्यात आणि दिग्दर्शनात रस होता, पुन्हा तोंडाला रंग लावायचा त्याचा विचार नव्हता. पण १९२६ साली घरी स्वयंपाक करताना हार्डीचा हात भाजला, आणि त्याच्या जागी लॉरेलला उभं राहावं लागलं. पुढच्या वर्षी दोघं एकत्र आले आणि मॅकेरीच्या लक्षात आलं, की यांची जोडी लावायला हवी. आपल्याकडच्या प्रेक्षकांनी पुढे त्यांना 'जाड्या-रड्या' करून टाकलं, इतके ते घरचे झाले.

आता मुद्द्याकडे. १९२७च्या अखेरीस, नेमकं सांगायचं तर ३१ डिसेंबरला, 'द बॅटल ऑफ द सेंच्युरी' प्रदर्शित झाला. पहिल्या रिळात त्याच वर्षी गाजलेल्या डेम्प्सी-टनी मुष्टियुद्धाची टर उडवली आहे. दुसऱ्या रिळात क्रीम पाईंची लढाई. पाई तोंडावर मारणं तोवर शिळं झालं होतं. सेनेटच्या काळापासून लोक ते पाहत आले होते. म्हणूनच या मंडळींनी ठरवलं, की मारायच्याच तर इतक्या मारायच्या की पुन्हा कुणी हात लावू नये. तीन हजार पाई फेकल्या, असं सांगितलं जातं. पण संख्या फसवी आहे. या दृश्याची खरी करामत त्याच्या चालीत आहे.

हार्डी लॉरेलचा विमा उतरवतो आणि भरपाईच्या आशेने त्याला केळ्याच्या सालीवरून पाडायच्या खटपटीला लागतो. सालीवरून पडतो भलताच, पाई पोचवणारा दुकानदाराचा माणूस. तो उठतो, साल कुणी टाकली ते शोधून काढतो, हार्डीपाशी येतो आणि शांतपणे त्याच्या तोंडावर पाई दाबतो. हार्डी डोळे पुसतो. विचार करतो. टोपलीतली पाई निवडतो. फेकतो, ती तिसऱ्यालाच लागते. तो तिसराही रागाने धावून येत नाही. तो आधी तोंड पुसतो, आलेली गोष्ट समजून घेतो, आणि मग पाई उचलतो. दात काढायला तोंड वासून बसलेल्या रुग्णापर्यंत ही लढाई पोचते, पण प्रत्येक नवा सैनिक रीतसर दाखल होतो. कुणी रांग मोडत नाही.

आणि शेवटी अनिता गार्विन. ही तरुण, उंच, डौलदार नटी कोपऱ्यावरून वळते आणि पदपथावर पडलेल्या पाईवर बसते. कशावर बसलो, हे तिला कळतं. आपल्याला कळलं हे जगाला कळू द्यायचं नाही, एवढंही कळतं. ती उठते, पाठीमागे हात नेऊन काय झालंय त्याचा अंदाज घेते, एक पाय हलकेच झटकते आणि मान ताठ ठेवून निघून जाते. शेकडो पाई उडाल्यानंतर सगळ्यात मोठा हशा या एका न फेकलेल्या पाईला आहे.

१९२८चा 'टू टार्स' हीच रीत रस्त्यावर आणतो. दोन खलाशी, भाड्याची मोटार, सोबत दोन मुली आणि वाहतुकीचा खोळंबा. एक गाडी मागच्या गाडीला टेकते, त्यावरून कुणीतरी कुणाचा तरी दिवा मोडतो, आणि बघता बघता अख्खा रस्ता एकमेकांच्या गाड्या उचकटू लागतो. दिग्दर्शक जेम्स पॅरट, कॅमेरा स्टीव्हन्सचा. मोटार तेव्हा अमेरिकन मध्यमवर्गाच्या हाती नुकतीच आलेली, हप्त्यांवर घेतलेली, रविवारी धुऊन पुसून काढायची वस्तू होती. तिचं दार उचकटणं म्हणजे शेजाऱ्याच्या अब्रूला हात घालणं. त्यामुळे कुणाच्या गाडीचं चाक निखळलं, की हसताना प्रेक्षकाच्या पोटात थोडा गोळाही येई.

पण या साऱ्या प्रकाराचा कळस म्हणजे 'बिग बिझनेस'. डिसेंबर १९२८ मध्ये चित्रित झालेला, २० एप्रिल १९२९ रोजी प्रदर्शित झालेला. दिग्दर्शक जेम्स हॉर्न, देखरेख मॅकेरीची. जेमतेम एकोणीस मिनिटं. हा जरा जवळून पाहू.

लॉरेल आणि हार्डी मोटारीतून नाताळची झाडं विकत हिंडताहेत. कॅलिफोर्नियाचं लख्ख ऊन आणि हे दोघं ओव्हरकोट घालून. एका दाराशी बाई म्हणते, नवरा नाही. लॉरेल विचारतो, असता तर त्याने घेतलं असतं का? दार आदळतं. मग येतं जेम्स फिनलेसनचं घर. टक्कल, झुपकेदार मिशा, एक डोळा मिटून दुसऱ्याने रोखून पाहायची सवय. त्याला झाड नको आहे. पण दार लावताना झाडाची फांदी दारात अडकते. परत घंटी. दार उघडायचं, फांदी काढायची. आता कोट अडकला. परत घंटी. इथे कुणीही कुणाचं वाकडं केलेलं नाही. दार नावाची वस्तू आणि झाड नावाची वस्तू यांचं जमत नाही, एवढंच. भांडणाचं बी इतकं क्षुल्लक ठेवलंय, की पुढे कुणाची चूक हे ठरवता येऊ नये.

शेवटी फिनलेसन बागेची कात्री आणतो आणि झाडाचे तुकडे करतो. लॉरेल-हार्डी पाहत राहतात. दोघांतला एकही त्याचा हात धरत नाही. त्याचं झालं, की ते त्याच्या दाराचं लाकूड चाकूने तासतात. तो पाहतो. मग तो हार्डीचं घड्याळ फोडतो. ते पाहतात. तो पोलिसांना फोन करायला जातो, हे टेलिफोनच उखडतात. पायरी पायरीने प्रकरण चढत जातं. झाडाचं घड्याळ झालं, घड्याळाचं दार, दाराची मोटार, मोटारीचं घर. एका बाजूला फिनलेसन मोटार खोलून तिचे अवयव अंगणात पसरतोय, दुसऱ्या बाजूला लॉरेल खिडकीतून फुलदाण्या फेकतोय आणि हार्डी फावड्याने त्या टोलवतोय. पियानो हिरवळीवर ओढून आणला जातो आणि कुऱ्हाडीने फोडला जातो.

आता रस्त्याकडे पाहा. तिथे टायनी सँडफर्डने केलेला धिप्पाड पोलीस आपल्या गाडीत बसून आहे. तो वहीत लिहून घेतोय, पंचनामा करावा तसा. घटना घडताना तो मध्ये पडत नाही, कारण नोंद पुरी व्हायला हवी. मागे शेजाऱ्यांचा घोळका घरापासून मोटारीकडे, मोटारीकडून घराकडे असा सरकतोय, टेनिसचा सामना पाहावा तसा. टोलवलेली फुलदाणी पोलिसाच्या पायावर येते तेव्हा कुठे तो उतरतो आणि विचारतो, सुरुवात कुणी केली? त्यावर सगळे रडायला लागतात. फिनलेसन रडतो, लॉरेल-हार्डी रडतात, पोलीसही रडतो. समेट होतो, लॉरेल फिनलेसनला सिगार देतो. आणि मग पोलिसाला दिसतं, की हे दोघं पाठमोरे होऊन खुदुखुदु हसताहेत. पळापळ. मागे फिनलेसनच्या तोंडातला सिगार फुटतो.

या चित्रपटाभोवती एक आख्यायिकाही आहे. पाडायला ठरवलेलं घर सोडून भलत्याच माणसाचं घर चुकून पाडलं, असं हॅल रोच म्हातारपणापर्यंत सांगत असे. इतरांनी ती गोष्ट नाकारली आहे. खरं-खोटं काहीही असो, ती टिकून राहिली याचं कारण ती चित्रपटाच्या स्वभावाला साजेशी आहे. नियम सगळे पाळले, नुकसान मात्र भलत्याचं.

मारामारी तर आधीही होती, मग नवं काय? नवं हे, की हशा मारणाऱ्यावरून सरकून मार खाणाऱ्याच्या चेहऱ्यावर आला. कृती दिसते क्षणभर, परिणाम कसा होतो ते दिसायला वेळ लागतो. आपली नाटकवाली मंडळी 'लाफ्टर घेणं' म्हणतात ते हेच. वाक्य टाकायचं आणि हशा उठेपर्यंत उभं राहायचं. रोचच्या स्टुडिओत चित्रपट तयार झाला, की तो आसपासच्या थिएटरात आधी दाखवून पाहत, कुठे किती हसतात ते पाहून परत कात्री लावत. त्या थांब्यांची लांबी अंदाजाने ठरलेली नाही, प्रेक्षकांच्या हशाला लावून बेतलेली आहे.

शिवाय हार्डीची ती नजर. लॉरेलने काही घोळ घातला, की हार्डी त्याला काही म्हणायच्या आधी मान वळवतो आणि थेट कॅमेऱ्यात, म्हणजे आपल्याकडे, पाहतो. 'बघितलंत ना? या माणसाबरोबर मला दिवस काढायचे आहेत.' त्या एका नजरेने प्रेक्षक घोळक्यातला एक होऊन जातो.

या चेहऱ्यांच्या विनोदामागे तंत्राचाही हात आहे. पूर्वीची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म निळा रंग जवळपास पांढरा उमटवी. लॉरेलचे डोळे फिकट निळे. जुन्या फिल्मवर ते कोरे, भुताचे दिसत. दशकाच्या मध्याला पॅनक्रोमॅटिक फिल्म रुळली आणि ते डोळे पडद्यावर जिवंत झाले. ज्या विनोदात माणूस हात न हलवता नुसता विचार करतो, त्याला डोळे दिसणं ही पहिली गरज. हा विनोद सुचायला प्रतिभा लागली, पण तो दिसायला कोडॅकचं रीळ लागलं.

रोचच्या अंगणात फक्त हे दोघंच नव्हते. चार्ली चेस, खरं नाव चार्ल्स पॅरट, 'टू टार्स'च्या दिग्दर्शकाचा भाऊ. १९२६च्या 'मायटी लाइक अ मूस'मध्ये पुढे आलेल्या दातांचा नवरा आणि मोठ्या नाकाची बायको एकमेकांच्या नकळत आपापली शस्त्रक्रिया करून घेतात. रस्त्यात भेटतात, ओळखत नाहीत, आणि एकमेकांवर भाळतात. घरी आल्यावर नवऱ्याला उलगडा होतो. मग बायकोला धडा शिकवायला तो एकटाच दोघांची मारामारी उभी करतो. दाराआड जायचं नवरा होऊन, बाहेर यायचं प्रियकर होऊन, पुन्हा आत. पाळीचा नियम इथेही आहे, फक्त दोन्ही पाळ्या एकाच माणसाच्या आहेत.

आणि मॅक्स डेव्हिडसनचा 'पास द ग्रेव्ही', १९२८चा. याला मी मूकपटाचा मूकपट म्हणेन. शेजारी शुल्ट्झ याचा कोंबडा पहिल्या बक्षिसाचा मानकरी. मॅक्सच्या पोराला कोंबडी आणायला पैसे दिले, तर त्याने पैसे खिशात घातले आणि शेजाऱ्याचाच कोंबडा कापून आणला. दोन्ही घरांत सोयरीक जुळायची आहे, त्याच आनंदात शुल्ट्झ पाहुणा म्हणून जेवायला बसलाय, आणि ताटात त्याचाच कोंबडा आहे. तंगडीला बक्षिसाचा बिल्ला तसाच. टेबलाभोवतीच्या पोरांना हे कळलंय, फक्त दोन्ही बापांना नाही. आता शुल्ट्झला कळू न देता मॅक्सला सांगायचं कसं? बोलता येत नाही. मग पोरं पंख फडफडवतात, बक्षिसाच्या खुणा करतात, आणि शुल्ट्झने मान वर केली, की सभ्यपणे जेवू लागतात. मॅक्सला वाटतं, यांना वेड लागलंय. तो आणखी एक घास घेतो. सगळी माणसं मुकी असलेल्या माध्यमात मुक्याने बोलायची सक्ती झालेली माणसं. आवाज आल्यावर हा चित्रपट कुणी केलाच नसता. कुजबुजीत काम भागलं असतं.

याच ठिकाणी दोष नोंदवायला हवेत. डेव्हिडसन हा बर्लिनमध्ये जन्मलेला ज्यू नट, आणि पडद्यावर तो खांदे उडवणारा, पैशावर डोळा ठेवणारा ठरीव ज्यू बाप करत असे. नट स्वतः त्याच समाजातला होता म्हणून ठोकळेबाज चित्र माफ होत नाही. बायकांना वाट्याला आली ती लाटणं घेऊन उभी असलेली पत्नी, नाहीतर मोटारीतली सुंदर पोरगी. अनिता गार्विनसारखी नटी त्यातूनही काहीतरी वेगळं काढून दाखवते, ही तिची ताकद, पटकथेची नव्हे.

मग आवाज आला, आणि तोही पाळीपाळीने. लॉरेल-हार्डींचा पहिला बोलपट 'अनअकस्टम्ड अ‍ॅज वी आर' ४ मे १९२९चा. त्यानंतरही त्यांचे मूकपट निघत राहिले, शेवटचा 'अँगोरा लव्ह' डिसेंबर १९२९ मध्ये. म्हणजे एकाच वर्षात तीच दोन माणसं कधी बोलत होती, कधी मुकी होती. मूकपटाला जगभर पाठवताना फक्त पाट्या बदलाव्या लागत. बोलपट आल्यावर रोचने त्यांच्याकडून स्पॅनिश, फ्रेंच, जर्मन, इटालियन संवाद उच्चारानुसार घोकून घेतले आणि तेच चित्रपट परत परत चित्रित केले. बोलपटाशी जुळवून घेणं सगळ्यांनाच जमलं नाही. डेव्हिडसन मागे पडला. पुढे थिएटरांनी एका तिकिटात दोन मुख्य चित्रपट द्यायला सुरुवात केली आणि लघुपटाची जागाच आकसली.

पण रीत मात्र जिवंत राहिली. १९३३ साली मॅकेरीने मार्क्स बंधूंचा 'डक सूप' दिग्दर्शित केला. त्यात शेंगदाणेवाला आणि सरबतवाला यांचं ते टोपीवरचं भांडण. सरबतवाला झालाय एडगर केनेडी, रोचच्या कंपनीतलाच नट आणि दिग्दर्शक. तीच पाळी, तोच संयम, तेच हळूहळू लाल होत जाणं. 'हॅट्स ऑफ' या १९२७च्या मूकपटात लॉरेल-हार्डी धुलाईयंत्र जिन्यावरून चढवतात. तोच जिना १९३२च्या 'द म्युझिक बॉक्स'मध्ये पियानो घेऊन परत आला आणि विनोदी लघुपटाचं ऑस्कर घेऊन गेला.

'हॅट्स ऑफ' मात्र आज कुठेच नाही. या जोडीचा पूर्णपणे हरवलेला एकमेव चित्रपट. नायट्रेटची फिल्म पेटते, सडते, चांदी काढायला वितळवली जाते. 'बॅटल ऑफ द सेंच्युरी'चं दुसरं रीळही असंच गेलं होतं. रॉबर्ट यंगसन यांनी १९५७च्या 'द गोल्डन एज ऑफ कॉमेडी' या संकलनासाठी त्यातली काही मिनिटं निवडली, म्हणून तेवढीच उरली. पण तो संक्षेप होता. त्यात पाई भराभर उडतात आणि थांबे कापले गेलेत. पन्नासहून अधिक वर्षं जगाने ती लढाई गडबडगोंधळ म्हणून पाहिली. २०१५ साली यंगसन यांच्याच संग्रहातून पुढे गेलेली जवळपास पूर्ण प्रत एका संग्राहकाच्या हाती लागली, आणि तेव्हा दिसलं, की लढाई मुळात किती सावकाश, किती शिस्तीत सुरू होते. जे हरवलं होतं ते नेमकं थांबणं होतं.

हे आपल्यालाही लागू आहे. आपल्याकडे हजाराहून अधिक मूकपट निघाले, त्यातले मोजकेच उरलेत. पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात १९६४पासून जे सांभाळलं गेलं, त्याच्या जोरावर आपण फाळक्यांबद्दल काही ठामपणे बोलू शकतो. जिथे उताराच राहिलाय तिथे कुठल्या नटाला कधी थांबता येत होतं, हे कळायचा मार्ग नाही. गोष्ट टिकते, पाटी टिकते, छायाचित्रही टिकतं. लय तेवढी रिळाबरोबर जाते.

'बिग बिझनेस'नंतर सहा महिन्यांत शेअरबाजार कोसळला, म्हणून कित्येकांना या चित्रपटात येऊ घातलेल्या मंदीचं भाकीत दिसतं. मला तसं वाटत नाही. ही माणसं भविष्यवेत्ती नव्हती. आठवडी पगारावर हसू बेतणारी होती. त्यांनी जे पाहिलं ते भाकिताहून जवळचं आहे. माणूस रागाने आंधळा होतो, असं आपण म्हणतो. हे चित्रपट दाखवतात, की माणूस रागावतो तेव्हा तो फार डोळस होतो. समोरच्याला कुठे लागेल ते नीट पाहतो, आपली पाळी येईपर्यंत थांबतो, आणि आपण अगदी न्यायाने वागतोय अशी त्याची खात्री असते. 'जशास तसे' ही म्हण त्याला ढाल वाटते. घर पडतं ते या खात्रीने पडतं, आणि पोलीस वहीत लिहीत असतो.

तेव्हा 'बिग बिझनेस' पाहाल तर दोन गोष्टी करा. तो योग्य वेगाने चालवलेल्या प्रतीवर आणि चार माणसांत बसून पाहा, कारण त्यातले थांबे गर्दीच्या हशासाठी बेतले आहेत. आणि कुऱ्हाड चालवणाऱ्याकडे पाहू नका. ज्याचा पियानो फुटतोय त्याच्याकडे पाहा. त्याच्या डोक्यात पुढच्या पाळीचा हिशेब चाललेला असतो, आणि तो हिशेब आपल्याला तोंडपाठ असतो, म्हणूनच आपण हसतो.